निळ्या दोऱ्याचं ठिगळ

आन्थेस्तेरिऑन महिना, पंधरावा दिवस. पेत्राई.

थेरोन,

मेलेली माणसं भांडं खरवडून खात नाहीत. एवढी साधी गोष्ट माझ्या लक्षात यायला दुसरा दिवस उजाडावा लागला.

परवा मृतांचा दिवस होता. मृतांनी आत शिरू नये म्हणून उंबऱ्याला डांबर फासलं होतं. सकाळपासून काटेरी पाला चघळून तोंड कडू झालं होतं. मृतांना वाट दाखवणाऱ्या हर्मिससाठी सगळ्या धान्यांच्या घुगऱ्या मधात शिजवून मी दाराबाहेर ठेवल्या होत्या. त्या भांड्याला जिवंत माणूस हात लावत नाही, हे तुला लहानपणापासून ठाऊक आहे. दिवस कलताना बाहेर डोकावले, तर तू उंबऱ्यापलीकडे उकिडवा बसून खात होतास. दाढी वाढलेली, पाय पोटरीपर्यंत चिखलाने भरलेले. मला जराही नवल वाटलं नाही. त्या दिवशी मृत येतातच. मी मनात म्हटलं, आला एकदाचा, तीन वर्षांत पहिल्यांदा आला. तू मान वर केलीस आणि म्हणालास, "पाणी दे."

मी तोंडातला पाला तुझ्या दिशेने थुंकले आणि तीनदा ओरडले, निघा बाहेर, सण संपला. शेजारच्या बित्तो सुईणीने तिच्या दारातून माझ्या आवाजात आवाज मिसळला. तू उभा राहिलास, थोडा वेळ माझ्याकडे पाहत राहिलास आणि वळून गेलास.

मी दार लावलं आणि कणिक मळायला बसले. कणिक, थेरोन.

सकाळी भांडं उचललं तर तळाला बोटांच्या रेघा. कडेला चिकटलेला मधसुद्धा निपटून काढलेला. दरवर्षी ते भांडं जसंच्या तसं मिळतं, वर फक्त मुंग्या असतात, कारण मृतांना नुसता वास पुरतो. भांडं माझ्या हातून पडलं. बित्तोने मला बखोटीला धरून आत नेलं आणि विचारलं, काय गं, काय दिसलं तुला.

फानेस मध विकायला डोंगरापलीकडे जातो. तो म्हणतो, वेशीवरच्या हर्मिसच्या दगडापुढे कोळसेवाल्याची झोपडी रिकामी होती, तिथून आता धूर निघतो. आत एक माणूस आहे आणि तो तुझ्या वडिलांसारखा डावा खांदा पाडून चालतो. ही मेणाची पाटी फानेस त्या दगडावर ठेवील. तुझ्याजवळ यायला तयार नाही. म्हणाला, "वहिनी, मेलेल्यांकडची ये-जा खारोन नावाड्याने करायची. त्याच्याकडे निदान होडी तरी आहे."

शिशाच्या पत्र्यावर लिहिलं असतं तर टिकलं असतं. पण ज्याची कबर आहे त्याला शिशावर लिहायला बसले, की गाव म्हणेल, मेलिन्ना शाप लिहून कबरीत पुरते आहे.

तू जिवंत असशील तर माझं लिहिलेलं पुसून याच मेणावर लिही. नसशील तर पाटी तशीच राहू दे, फानेस परत आणील.

एक गोष्ट तुला दुसऱ्या कुणाकडून कळू नये. तुझे वडील नाहीत. दोन वर्षं होऊन गेली. तुझा दगड त्यांच्या शेजारीच आहे. त्यावरचं नाव मी कोरलं, कारण इथे दगडावर अक्षरं काढणारी माझ्या पाथरवट बापाची लेक एकटी मीच.

मेलिन्ना, प्रोक्लेसची बायको

आन्थेस्तेरिऑन, एकोणिसावा दिवस.

थेरोन,

पाटी आली. फानेसने ती दोन काटक्यांत धरून आणली, निखारा आणावा तशी. तुझ्या ओळी अजून उजवीकडे घसरत जातात. वडील त्यावरून चिडवायचे तुला, की या मुलाचं लिहिणं उतारावर राहतं. अक्षर मी ओळखलं.

तू लिहितोस की अँड्रोस बेटाला जहाज पाणी भरायला थांबलं, तुला ताप होता, त्यांनी तुला एका कोळ्याच्या घरी ठेवलं आणि ते पुढे गेले. जहाज कुठेच पोचलं नाही, हे तुला महिन्याभराने कळलं. मग तू तिथेच राहिलास, तीन वर्षं जाळी ओढत.

स्वच्छ दिवशी अँड्रोस आपल्या अंगणातून दिसतं. तुझे वडील त्याच डोंगराकडे तोंड करून बसायचे. मासळीच्या होड्या आठवड्याला दोनदा येतात. एक शब्द पाठवता आला असता. तू लिहितोस, 'तिच्या घरात मला निरोप पाठवायचा नव्हता.' मलाच लिहिलेल्या पत्रात मी 'ती'. असू दे. आठ वर्षांचा होतास तेव्हाही दुसऱ्या मुलांना सांगायचास, ती माझ्या बाबांची बायको आहे, माझी कुणी नाही.

तुझे तीन प्रश्न आहेत.

पहिला, गुराख्यांनी दगड का मारले. थेरोन, तुझं प्रेतकार्य झालं आहे. समुद्राकडे तोंड करून तुझं नाव तीनदा पुकारलं. हर्मिसला तुझा हात धरायला सांगितलं. तिसऱ्या दिवसाचं आणि नवव्या दिवसाचं अन्न वाहिलं. पाताळाच्या राणीने, पर्सेफोनीने, तुला आत घेतलं आहे. ज्याचं एवढं झालं, तो चालत परत आला तरी त्याला चुलीजवळ, देवळाजवळ, माणसांजवळ येता येत नाही. गुराख्यांचा तुझ्यावर राग नाही, ते भ्यायलेत. त्यातल्या एकाने म्हणे दगड मारल्यावर तुझी क्षमाही मागितली, मेलेल्याशी वाकडं नको म्हणून.

दुसरा प्रश्न, मग घरी यायचं कसं. मी हेराच्या देवळात ख्रिसिस म्हातारीकडे गेले. तिला आता ऐकू कमी येतं, मला सगळं ओरडून सांगावं लागलं, त्यामुळे ते अर्ध्या गावाला कळलं. ऐकून ती हसली. म्हणाली, हेराक्लिसच्या वेळीही हाच घोळ झाला होता. तो चितेवर जळला, माणसांनी रडून घेतलं आणि मग देवांना तो आपल्यात हवासा झाला. पण मेलेल्याला देवांच्या घरात घ्यायचं कसं? शेवटी हेरा निजली, तिने त्याला आपल्या वस्त्राखाली घेतलं आणि पायांकडून जमिनीवर सोडलं, बाळ सोडावं तसं. तेव्हापासून रीत हीच. घरातल्या बाईने निजायचं, माणसाला तिच्या वस्त्राखालून बाहेर काढायचं. सुईणीने न्हाऊ घालायचं, दुपट्ट्यात गुंडाळायचं. बाईने छातीशी धरायचं. दहा दिवस तो बाळ, बोलायचं नाही की चालायचं नाही. दहाव्या दिवशी नाव ठेवलं की तो माणूस.

बित्तो म्हणाली, "एवढा धोंडा? बये, कंबरडं मोडेल तुझं."

तुझी आई तू सहा वर्षांचा असताना गेली. घरात बाई आता एकच आहे. हे वाचताना तुझा चेहरा कसा झाला असेल, ते मला इथून दिसतं.

तिसरा प्रश्न, कोळ्यांना सापडलेली तुझी घोंगडी पुरली असं गुराखी ओरडले, ती कोणती. त्याचं पुढच्या वेळी लिहीन. पाटीवर जागा उरली नाही.

मेलिन्ना

आन्थेस्तेरिऑन, चोविसावा दिवस.

थेरोन,

पाटीवर जागा होती. चार बोटं मेण कोरं होतं आणि तू ते पाहिलंस. या वेळी तू एकच ओळ पाठवलीस, 'तू विणलेली घोंगडी माझ्या अंगावर आहे, मग तुम्ही पुरलं काय?'

तीन दिवस ही ओळ पुसायचं मला धाडस झालं नाही. आता पुसली.

तुझ्या घोंगडीचा धागा न् धागा मी ओळखते. तुझ्या आईच्या मागावर तिचं अर्धवट कापड तसंच ताणलेलं होतं, ते मी या घरात आले तेव्हा पहिल्यांदा पाहिलं. अकरा वर्षं मी त्या मागाला वळसा घालून वावरले. धूळ झटकली, पण हात लावला नाही. लोकरीला कसर लागली तेव्हा मी ती उसवली, धुतली आणि तुझ्यासाठी घोंगडी विणली. तुला विचारलं नाही. तू ओरडलास की मी तुझ्या आईला दुसऱ्यांदा मारलं, आणि तीच घोंगडी खांद्यावर टाकून तू निघून गेलास. मी तेव्हा म्हणाले की लोकर वाया जात होती म्हणून केलं. मला तो माग रिकामाही हवा होता. हे तेव्हा म्हणाले नाही.

तुझं जहाज आलं नाही तेव्हापासून तुझे वडील सकाळी किनाऱ्यावर जायचे आणि अंधार पडला की यायचे. चार महिने. कोळी म्हणायचे, प्रोक्लेस समुद्राला दावं बांधून ओढणार आहे. त्यांचे पाय खाऱ्या पाण्याने चिरले होते. दोन घासांपुढे जेवण नव्हतं. मोतीबिंदूमुळे त्यांना होडीही दिसत नव्हती, फक्त वल्ह्यांचा आवाज ऐकायचे. मग एक दिवस कोळ्यांच्या जाळ्यात एक घोंगडी आली. तपकिरी, जाड, शेळीच्या केसांची. ती त्यांच्या मांडीवर ठेवली होती. मला पाहून त्यांनी विचारलं, "मेलिन्ना, तू विणलेली तीच का गं ही?"

मी तिच्यावरून हात फिरवला आणि म्हणाले, "हो. तीच."

ते उठले. घरी येऊन रडले, न्हाले, जेवले. आम्ही ती घोंगडी मडक्यात घातली, तोंड मेणाने बंद केलं आणि तू म्हणून पुरली. ते पानगळीपर्यंत जगले आणि आपल्या अंथरुणात गेले. मी चांगलं केलं असंच मला वाटत आलं. आणि तू आता येणार नाहीस म्हणून जरा हलकंही वाटलं होतं. मेण मऊ आहे तोवर तेही लिहून टाकते.

काल हे सगळं मी ख्रिसिसला सांगितलं. ती म्हणेल, खोटी साक्ष दिलेल्या बाईला हेरापुढे निजता येणार नाही, अशी मला भीती होती. मग तुला आत आणायला कुणी उरलं नसतं, तू जन्मभर त्या झोपडीत. न सांगता निजले असते तरी कुणाला कळलं नसतं. पण हेराला कळलं असतं आणि ते तुझ्या अंगावर आलं असतं.

ख्रिसिसने मला दोनदा तेच सांगायला लावलं. मला वाटलं तिला ऐकू आलं नाही. मग म्हणाली, "तुला काय वाटलं, हेराने हेराक्लिसला मायेने सोडवलं? त्याच्या पाळण्यात साप तिनेच सोडले होते. त्याला वेड तिनेच लावलं. म्हणूनच निजावं तिला लागलं. ज्या बाईने बाहेर घातलं तिनेच आत आणायचं. दुसरी कुणी निजली तर ते बाळंतपण नाही, सोंग."

शिक्षा मिळेल म्हणून गेले होते आणि मिळालं हे.

आता तुझ्यावर आहे. माझ्या हातून जन्म घ्यायचा नसेल तर अँड्रोसला परत जा, तिथे तुझं नाव कुणी पुकारलेलं नाही. मी कुणाला काही म्हणणार नाही. यायचं असेल तर लिही.

मेलिन्ना

आर्तेमिसिऑन, पहिला दिवस.

थेरोन,

तू सगळं पुसून मधोमध एकच शब्द लिहिलास. 'कधी?'

परवा, उन्हं वर आल्यावर. वेशीच्या दगडापाशी ये. तिथवर चालत ये, पुढे चालायचं नाही. फानेस आणि त्याचा भाऊ तुला हातगाडीवर घालून आणतील. फानेसने हातांना कोपरांपर्यंत डांबर फासायचं ठरवलं आहे, त्याला हसू नकोस. अंगावर काही ठेवायचं नाही. तुझी घोंगडी घडी करून दगडावर ठेव. ती जाळायची नाही, मी विचारून घेतलं. मृत म्हणून जे पुरलं तेवढंच उकरून जाळायचं.

माझ्या वस्त्राखालून बाहेर आलास की रडायचं. न रडणारं बाळ सुईण बाजूला ठेवते. मग दहा दिवस गप्प राहायचं. बाळाला वाचताही येत नाही, म्हणून हे शेवटचं.

या वेळी पाणी ठेवीन.

मेलिन्ना

आर्तेमिसिऑन, चौदावा दिवस. पेत्राईहून केऑस बेटावर, कोरेसिया बंदरात, फेदिमोसच्या आईस.

बाई,

मी तुला ओळखत नाही आणि तुझं नाव मला माहीत नाही. हे शिशावर लिहिते आहे, कारण हे पुसलं जाऊ नये. शिसं पाहून भिऊ नकोस, हा शाप नाही. वाचून झाल्यावर तुला तसं वाटलं तर मी काही बोलू शकणार नाही.

माझ्या घरचा मुलगा थेरोन, तुझ्या फेदिमोसच्या जहाजावर होता. तो अँड्रोसला तापाने मागे राहिला म्हणून वाचला. मी तो मेला असं सांगून त्याचं प्रेतकार्य करवलं होतं. या महिन्याच्या तिसऱ्या दिवशी मी त्याला पुन्हा जन्म दिला. तुमच्याकडे ही रीत असेल तर तुला कळेल. नसेल तर एवढंच समज की बावीस वर्षांचा उघडा पुरुष माझ्या वस्त्राखालून जमलेल्या बायांसमोर जमिनीवर आला. तो रडेना. दातांवर दात दाबून पडून राहिला. बित्तोने पाठीवर थाप मारली, तरी नाही. मी मान वळवून पाहिलं तर तो माझ्याकडेच पाहत होता, सणाच्या दिवशी दारातून पाहिलं होतं तसंच. माझ्या तोंडून निघून गेलं, "पाणी आणा रे याला." तेव्हा तो रडला. आवरेना त्याला. बित्तो म्हणाली, झालं, फुप्फुसं चांगली आहेत. बाया हसल्या आणि डोळे पुसू लागल्या.

त्याच दुपारी कबर उकरली. मडक्याचं मेण शाबूत होतं, आतली घोंगडी ठेवली तशी. मी ती जाळायला चुलीपाशी आणली. ख्रिसिस पुजारीण बसली होती. थेरोन दुपट्ट्यात गुंडाळलेला, चुलीजवळ निजलेला. मी त्याच्या शेजारून जाताना त्याने दुपट्ट्यातून हात सोडवला आणि घोंगडीचं टोक धरलं. मी ओढलं, तो सोडीना. बोलता येत नव्हतं, मान हलवत राहिला, सगळा चेहरा लाल झाला.

ख्रिसिस म्हणाली, "तान्ही मुलं हातात येईल ते धरतात. सोडवू नये, रडतात."

त्याच्या मुठीत ठिगळ होतं. डाव्या खांद्यावरचं, निळ्या दोऱ्याने शिवलेलं, टाके उलट्या बाजूने पडलेले.

आता जे लिहायचं आहे त्यासाठी हे सगळं लिहिलं. ते ठिगळ मी तीन वर्षांपूर्वीच पाहिलं होतं. प्रोक्लेसच्या मांडीवरच्या घोंगडीवरून हात फिरवला तेव्हा ते बोटाला लागलं. मी विणणारी बाई आहे. टाक्यांवरून मला त्याच क्षणी कळलं की कुठेतरी एक डावखुरी बाई आहे, तिच्याकडे तपकिरी दोरा नव्हता तरी थंडीआधी तिला हे शिवून द्यायचं होतं, आणि ती आता वाट पाहत असणार. एवढं कळून मी म्हणाले, हो, तीच. माझा म्हातारा किनाऱ्यावरून उठला आणि तुला मी तिथेच बसवून ठेवलं. थेरोनला मी माझ्या सगळ्या चुका लिहून कळवल्या होत्या. ही नाही लिहिली.

दहा दिवस तो ती घोंगडी उशाला घेऊन निजला. दहाव्या दिवशी चुलीभोवती सगळे जमले. ख्रिसिसने त्याच्या कपाळाला तेल लावून विचारलं, नाव काय ठेवायचं. हे मी सांगायचं होतं. माझ्याआधी तो बोलला. दहा दिवस मिटलेल्या तोंडातून पहिला शब्द आला, "फेदिमोस." लोक दचकले, त्यांना वाटलं तो स्वतःचं नाव बदलून घेतो आहे. तो म्हणाला, "ही फेदिमोसची. केऑसचा, कोरेसियाचा. वल्ह्यावर माझ्या शेजारी बसायचा. हे ठिगळ दाखवून म्हणायचा, आमच्या आईने डोळे मिटून शिवलंय, आणि कुणी हसलं तर मारायला उठायचा."

मग मी थेरोनचं नाव थेरोनच ठेवलं.

बाई, तुझ्या मुलाला अग्नी मिळाला नाही, पण माती मिळाली. तिसऱ्या दिवसाचं, नवव्या दिवसाचं अन्न मिळालं, तीन वर्षांच्या घुगऱ्या मिळाल्या. नाव तेवढं दुसऱ्याचं पुकारलं गेलं, त्यामुळे तो अजून पाताळाच्या दाराबाहेर उभा असेल, असं ख्रिसिस म्हणते. आपण दोघी मिळून पुकारलं तर जाईल आत. काल मी छिन्नी घेऊन दगडावरचं थेरोनचं नाव काढलं. तिथे आता खोलगट जागा आहे. फेदिमोस एवढं मला कोरता येईल, पण बापाच्या नावाशिवाय दगड पुरा होत नाही, आणि ते थेरोनला ठाऊक नाही. ते सांग. इथे यायचं असेल तर ये. माझ्या तोंडावर थुंकायचं असेल तरी ये.

हे पत्र थेरोन स्वतः घेऊन येतो आहे. त्याला खायला दे, फार विचारू नकोस, तो भांडं खरवडून खातो. घोंगडीही त्याच्याकडेच आहे. वाऱ्यात गारठा आहे, त्याची स्वतःची घोंगडी त्याने आईच्या लोकरीची म्हणून तिच्या मागावर घडी करून ठेवली, आणि तो तुझीच पांघरून होडीत बसला होता. मी पाण्यात शिरून त्याच्या खांद्यावरून ती काढली, त्याच्याच हातात दिली आणि होडी थांबवून या शेवटच्या ओळी लिहिते आहे. धक्क्यावर उभ्या असलेल्या बाईला लांबून फक्त घोंगडी दिसते, आत कोण आहे ते नाही. म्हणून मी त्याला सांगितलं आहे, गारठलास तरी चालेल, केऑस दिसायला लागलं की घडी करून काखेत धर.

मेलिन्ना, थेरोनची आई